ग्वाल्हेरचं मिराज २०००: वेग, कामगिरी आणि कारगिल (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

ग्वाल्हेरातल्या मराठी घरांतून आणि त्यांच्या पुण्या-नागपूरच्या नातेवाइकांकडून मिराज या लढाऊ विमानाबद्दल जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, ते इथे एकत्र केले आहेत. कारगिल विजय दिवसाच्या आसपास त्यांचा ओघ वाढतो, फेब्रुवारीत बालाकोटच्या निमित्ताने पुन्हा वाढतो. सोपे प्रश्न आधी आणि किचकट शेवटी घेतले आहेत. एकदा सांगितलेलं परत सांगण्याऐवजी त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे. तळावर आज किती विमानं आहेत, ती कधी उडतात, कुठे उभी असतात, असे प्रश्नही येतात. ते इथे घेतलेले नाहीत आणि पुढेही घेणार नाही.

१. आमच्या गच्चीवरून रोज दिसतं ते मिराजच का? ओळखायचं कसं?

बहुतेक वेळा हो. महाराजपुऱ्याचा हवाईतळ हे भारतातल्या मिराज २००० चं घर आहे. १ क्रमांकाची 'टायगर्स', ७ क्रमांकाची 'बॅटलॲक्सेस' आणि ९ क्रमांकाची 'वुल्फपॅक' या मिराजच्या तिन्ही स्क्वाड्रन, म्हणजे विमानांच्या तुकड्या, इथल्याच. पण हवाई दलाची लढाऊ डावपेच शिकवणारी संस्था, टॅकडी, २००० सालापासून ग्वाल्हेरातच आहे. त्यामुळे सुखोई आणि इतर विमानंही आपल्या आकाशात येतात.

ओळखण्यासाठी शेपटीकडे बघा. मिराजचा पंख सरळ कडांचा त्रिकोण असतो, मागे आडवी शेपटी नसते, उभं शेपूट एकच आणि जळता झोतही एकच. सुखोईला दोन उभी शेपटं आणि दोन इंजिनं असतात. गोंधळ होतो तो तेजसमुळे, कारण त्याचाही पंख त्रिकोणी आणि त्यालाही आडवी शेपटी नाही. मात्र तेजसच्या पंखाची पुढची कड मध्येच वळते, मिराजची धडापासून टोकापर्यंत सरळ जाते.

२. हे विमान आपल्याकडे आलं कधी आणि का?

पाकिस्तानला अमेरिकेकडून एफ-१६ मिळणार हे १९८१ मध्ये स्पष्ट झालं. त्याला तोडीस तोड म्हणून १९८२ मध्ये फ्रान्सच्या दसॉ कंपनीशी ४० विमानांचा करार झाला. मिराज २००० चं पहिलं उड्डाण १० मार्च १९७८ चं. फ्रेंच हवाई दलात ते १९८४ मध्ये दाखल झालं आणि जून १९८५ च्या अखेरीस पहिली विमानं ग्वाल्हेरला उतरली. म्हणजे स्वतः फ्रान्सनंतर वर्षभरातच आपण ते उडवत होतो. पुढे ९ आणि त्यानंतर आणखी १० विमानं घेतली. हवाई दलात त्याला 'वज्र' म्हणतात. बोलताना मात्र ग्वाल्हेरात सगळे मिराजच म्हणतात.

३. मिराजचा वेग नेमका किती?

उंचावर कमाल मॅक २.२, म्हणजे ताशी सुमारे २,३३० किलोमीटर. मॅक १ म्हणजे त्या ठिकाणच्या हवेतला ध्वनीचा वेग. हा वेग हवेच्या तापमानावर ठरतो. समुद्रसपाटीला १५ अंश तापमानात तो ताशी सुमारे १,२२५ किलोमीटर असतो. ११ किलोमीटर उंचीवर हवा उणे ५६ अंशांवर गेलेली असते, तिथे तो सुमारे १,०६० वर येतो. मॅक २.२ हा आकडा त्या थंड, विरळ हवेतला आहे. जमिनीलगत हवा दाट असते, तिचा विरोधही तितकाच जास्त, त्यामुळे तिथे हा वेग गाठताच येत नाही.

हा विमानाचा कमाल वेग झाला, नेहमीचा नव्हे. नेहमीचं काम ध्वनीपेक्षा कमी वेगात, बहुधा ताशी ८०० ते १,००० किलोमीटरच्या पट्ट्यात चालतं. कारण पुढच्याच उत्तरात आहे.

४. मग मिराज ग्वाल्हेरहून पुण्याला किती वेळात पोहोचेल?

हा प्रश्न मुलं हमखास विचारतात. सरळ रेषेत अंतर साधारण ९६० किलोमीटर. नुसता भागाकार केला तर २५ मिनिटं. पण त्या वेगाने मिराज पुण्याला पोहोचणार नाही, वाटेतच इंधन संपेल.

मॅक २ च्या पुढे जायला आफ्टरबर्नर लागतो. इंजिनातून बाहेर पडणाऱ्या तप्त वायूत पुन्हा इंधन फवारून ते पेटवायचं, असं त्याचं काम. मिराजच्या स्नेक्मा एम५३-पी२ इंजिनाचा जोर त्यामुळे सुमारे ६४ किलोन्यूटनवरून ९५ वर जातो. जोर दीडपट होतो, पण इंधनाचा खर्च दीडपटीच्या कितीतरी पुढे जातो. एक आसनी मिराजच्या पोटात जवळपास ४,००० लिटर इंधन मावतं. जमिनीलगत आफ्टरबर्नर पूर्ण उघडा ठेवला तर ते दहा मिनिटांच्या आसपास संपतं. उंचावर खर्च कमी होतो, तरी पुण्यापर्यंतचं गणित जमत नाही.

म्हणून लढाऊ विमानाच्या वेगाकडे बघताना मी कमाल आकड्यापेक्षा दुसरीच गोष्ट बघतो: वेग हवा तेव्हा किती लवकर वाढतो आणि नको तेव्हा विमान किती सावकाश, किती मुकाट उडू शकतं. मिराजची खरी ताकद या दोन टोकांमधल्या रुंद पट्ट्यात आहे. पुढची बरीचशी उत्तरं त्याभोवतीच आहेत.

५. कधीकधी खिडक्यांची तावदानं थरथरतात, मोठा धमाका होतो. तो कशाचा?

दोन वेगळ्या गोष्टी आहेत. उड्डाणाच्या वेळी लांबलचक गडगडाट ऐकू येतो तो आफ्टरबर्नरचा. पिंटो पार्क, दीनदयाल नगर, भिंड रोड या भागांत तो रोजचा. एकदम 'धाड' असा एकच आवाज आला, किंवा पाठोपाठ दोन आले, तर विमान ध्वनीच्या वेगापुढे गेलेलं असू शकतं. विमान हवेला बाजूला व्हायला वेळच देत नाही, दाबाच्या लाटा एकावर एक साचतात आणि शंकूच्या आकारात मागे पसरतात. तो शंकू जमिनीवरून सरकत जातो, ज्याच्यावरून जातो त्याला धमाका ऐकू येतो.

पुष्कळांना वाटतं की ध्वनीचा वेग ओलांडण्याच्या क्षणी एकदाच धमाका होतो. तसं नाही. विमान त्या वेगात आहे तोवर शंकू त्याच्या मागे फिरत असतो, त्यामुळे मुरारमध्ये ऐकलेला धमाका पुढच्या गावातही ऐकू जातो. वस्तीवर असा त्रास होऊ नये म्हणून हा सराव शक्यतो उंचावर आणि शहरापासून दूर करतात.

६. पंख त्रिकोणीच का? त्याचा वेगाशी काय संबंध?

मिराजची सगळी खुबी इथे आहे, म्हणून उत्तर थोडं लांब आहे.

वेगासाठी पंख पातळ आणि मागे झुकलेला हवा. पण पातळ लांब पंख कमकुवत होतो आणि त्यात इंधनालाही जागा उरत नाही. त्रिकोणी पंख धडाशी खूप रुंद असतो. त्यामुळे जाडी कमी ठेवूनही तो मजबूत राहतो आणि त्यात इंधन मावतं. मिराजची रुंदी टोकापासून टोकापर्यंत जेमतेम ९.१३ मीटर, पण पंखांचं क्षेत्रफळ ४१ चौरस मीटर. एवढ्या मोठ्या पंखावर वजन विभागलं गेल्याने विमान विरळ हवेतही तरंगतं आणि झटकन वळतं.

मग सगळेच असे पंख का लावत नाहीत? कारण जुन्या त्रिकोणी विमानांत एक मोठी अडचण होती. आडवी शेपटी नसल्याने नाक वर उचलायला पंखाच्याच मागच्या झडपा वर कराव्या लागत. झडपा वर गेल्या की विमानाचा मागचा भाग खाली दाबला जाई आणि नेमका उतरताना, म्हणजे पंखाचा आधार सर्वांत जास्त हवा असताना, तो कमी होई. त्यामुळे जुनं मिराज ३ ताशी ३०० किलोमीटरहून जास्त वेगाने धावपट्टीवर टेकत असे.

मिराज २००० मध्ये दसॉच्या अभियंत्यांनी विमानाचा तोल मुद्दामच अस्थिर ठेवला. तसं सोडलं तर त्याचं नाक आपोआप वर जायला बघतं. त्याला आवरायचं काम संगणकाचं. वैमानिकाची काठी लोखंडी दांड्यांनी झडपांना जोडलेली नाही. काठी हलली की विजेचा संदेश संगणकाकडे जातो, आणि संगणक सेकंदाला अनेकदा दुरुस्ती करत झडपा हलवतो. नाक वर ठेवायला झडपा आता वर नव्हे तर खाली झुकतात, म्हणजे पंखाचा आधार घटण्याऐवजी वाढतो. पंखाच्या पुढच्या कडेलाही सरकत्या पट्ट्या आहेत. या सगळ्यामुळे मॅक २.२ गाठणारं हेच विमान ताशी अडीचशे किलोमीटरच्या आसपास शांतपणे उतरतं.

एक उणीव राहिली. सलग जोरात वळत राहिलं तर मोठा पंख हवेला आडवा येतो आणि वेग भराभर घटतो. म्हणून मिराजचा वैमानिक पहिल्या एक-दोन वळणांतच डाव साधायचा प्रयत्न करतो.

७. मे महिन्यात ग्वाल्हेर ४५ अंशांवर असतं. त्याचा विमानावर परिणाम होतो?

होतो, आणि चांगलाच. १५ अंशांच्या तुलनेत ४५ अंशांची हवा सुमारे ९ टक्के विरळ असते. इंजिनाला खायला हवा कमी, पंखाला टेकायलाही हवा कमी. त्यामुळे धावपट्टीवर जास्त धावावं लागतं आणि भार कमी घ्यावा लागू शकतो. तापलेल्या डांबरावर आणि काँक्रीटवर विमानाखाली काम करणाऱ्या तंत्रज्ञांचे हाल तर विचारूच नका. विमानाच्या वेगाची चर्चा होते तेव्हा या माणसांची आठवण फार थोड्यांना होते.

८. 'बहुउपयोगी' म्हणतात म्हणजे नक्की काय?

जन्माने मिराज हे शत्रूची विमानं अडवणारं लढाऊ विमान. पण त्याच्या पोटाखाली ५ आणि पंखांखाली ४ अशा ९ ठिकाणी साहित्य टांगता येतं, एकूण सुमारे ६,३०० किलोपर्यंत. काय टांगलं त्यावर त्या दिवसाचं काम ठरतं. हवेतून हवेत मारा करणारी क्षेपणास्त्रं लावली की ते पहारेकरी, बॉम्ब लावले की हल्लेखोर. वाढीव टाक्या लावून लांबचा पल्ला गाठता येतो, कॅमेऱ्याचा पॉड, म्हणजे टांगायची पेटी, लावून टेहळणी करता येते. ३० मिलिमीटरच्या दोन तोफा एक आसनी विमानात असतातच.

पण नुसतं टांगलं की झालं असं नसतं. प्रत्येक शस्त्राची विमानाच्या संगणकाशी ओळख करून द्यावी लागते आणि ते सुटताना पंखाला धडकणार नाही याची खात्री करावी लागते. विमान किती कामं करू शकतं हे कारखान्यात जेवढं ठरतं, तेवढंच हँगरमध्ये ठरतं. कारगिलने हे दाखवून दिलं (प्रश्न १०).

९. एकच इंजिन? ते बंद पडलं तर?

हवेत ते पुन्हा सुरू करायचा प्रयत्न करतात. जमलं नाही तर विमान वस्तीपासून दूर नेऊन वैमानिक आसनासह बाहेर पडतो. एका इंजिनामुळे विमान हलकं आणि आटोपशीर राहतं, देखभाल कमी लागते. बदल्यात ही जोखीम पत्करावी लागते. अपघातांबद्दल प्रश्न १६ पाहा.

१०. कारगिलमध्ये मिराज पहिल्या दिवसापासून का नव्हतं?

'ऑपरेशन सफेद सागर' २६ मे १९९९ ला सुरू झालं तेव्हा मिग-२१, मिग-२३, मिग-२७ आणि हेलिकॉप्टर यांच्यावर भर होता. २७ मे रोजी मिग-२७ चं इंजिन बंद पडलं आणि फ्लाइट लेफ्टनंट नचिकेता शत्रूच्या हाती सापडले. त्यांच्या शोधात गेलेलं मिग-२१ क्षेपणास्त्राने पाडलं गेलं आणि स्क्वाड्रन लीडर अजय आहुजा शहीद झाले. दुसऱ्या दिवशी एमआय-१७ हेलिकॉप्टर पडलं, त्यातले चौघेही गेले. डोंगरमाथ्यावरून खांद्यावर धरून डागायची स्टिंगर क्षेपणास्त्रं खाली उतरणाऱ्या विमानांना टिपत होती.

त्या आठवड्यानंतर डावपेच बदलले. स्टिंगर साधारण साडेतीन-चार किलोमीटर वर जातं. ते पाच किलोमीटर उंच शिखरावरून डागलं तर नऊ किलोमीटरपर्यंत धोका. म्हणजे ३०,००० फुटांवर राहायचं आणि तरीही खालचा एक तंबू, एक बंकर टिपायचा. हे काम मिराजचं होतं.

अडचण बॉम्बची होती. मूळ खरेदीतले फ्रेंच लेझर बॉम्ब महागडे आणि पुलांसारख्या मोठ्या लक्ष्यांसाठी होते. बर्फातल्या बंकरांसाठी ते वापरणं परवडणारं नव्हतं. म्हणून २५० किलोचे साधे बॉम्ब आणि १,००० पौंडी बॉम्बला पेव्हवे हा लेझर संच जोडून मिराजवर बसवायचं ठरलं. लक्ष्यावर लेझर धरायला इस्रायली लायटनिंग पॉड आणला. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतरचे निर्बंध चालू होते, सुटे भाग सहज मिळत नव्हते. एरवी महिनोन्‌महिने चालणारी जोडणी आणि चाचणी हवाई दलाच्या तंत्रज्ञांनी आणि अभियंत्यांनी काही आठवड्यांत उरकली. मिराजच्या युद्धातल्या यशाचा अर्धा वाटा मी या लोकांना देतो, आणि त्यांची नावं आपल्याला माहीत नाहीत याचं मला मनापासून वाईट वाटतं.

११. उंच डोंगरावर बॉम्ब टाकण्यात एवढं अवघड काय? वरून सोडला की पडणारच ना?

पडतो, पण कुठे? १६,००० फुटांवर हवेची घनता समुद्रसपाटीच्या सुमारे ६० टक्केच असते. बॉम्बला हवेचा विरोध कमी होतो आणि तो तक्त्यात दिलेल्या जागेच्या पुढे जातो. ते तक्ते मैदानी प्रदेशासाठी बनलेले होते. त्यात वारा एका खोऱ्यात एका दिशेने, शेजारच्या खोऱ्यात भलत्याच. आणि कड्यावर लक्ष्य असेल तर थोडासा चुकलेला बॉम्ब शेजारी पडत नाही, थेट हजार फूट खाली दरीत जातो. मैदानात पन्नास मीटरची चूक चालून जाते, तिथे ती पूर्ण वाया. म्हणून नवे हिशेब करावे लागले आणि उपकरणांना ते शिकवावे लागले.

१२. मुंथो ढालो आणि टायगर हिल इथे काय झालं?

मुंथो ढालो बटालिक भागात आहे. तिथे घुसखोरांचा मोठा रसद तळ होता: तंबू, साठा, माणसं. १७ जून १९९९ रोजी मिराजनी साध्याच बॉम्बनी तो उद्ध्वस्त केला. शिखरांवर बसलेल्या घुसखोरांना दाणागोटा आणि दारूगोळा तिथून जात असल्याने या हल्ल्याचा परिणाम पुढे दूरवर जाणवला. लोकांच्या लक्षात टायगर हिल राहिलं, पण मला मुंथो ढालोचा हल्ला जास्त मोलाचा वाटतो.

टायगर हिल द्रासच्या वर, श्रीनगर-लेह रस्त्यावर नजर ठेवून उभं आहे. २४ जूनला मिराजनी तिथल्या ठाण्यावर लेझर बॉम्ब टाकला. भारतीय हवाई दलाने युद्धात लेझर बॉम्ब वापरण्याची ही सुरुवात. त्या वेळी हवाई दलप्रमुख होते एअर चीफ मार्शल अनिल यशवंत टिपणीस, आणि ते स्वतः त्या दिवशी दोन आसनी मिराजमधून हे पाहायला गेले होते. अख्ख्या युद्धात असे बॉम्ब हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच वापरले गेले. मिराजची बहुतेक उड्डाणं साध्या बॉम्बची आणि इतर विमानांना संरक्षण देण्याची होती.

१३. नियंत्रण रेषा ओलांडायची नव्हती, मग इतक्या वेगवान विमानाचा उपयोग काय?

फार चांगला प्रश्न, आणि इथे वेग चक्क अडचण होतो. वळणाचा घेर वेगाच्या वर्गाप्रमाणे वाढतो. ताशी ९०० किलोमीटर वेगाने ३ जी (गुरुत्वाकर्षणाच्या तिप्पट जोर) इतकं वळलं तर वळणाची त्रिज्या सव्वादोन किलोमीटरच्या आसपास येते, म्हणजे मागे फिरायला साडेचार किलोमीटर रुंदी लागते. तेच मॅक २.२ ला केलं तर त्रिज्या १५ किलोमीटरच्या घरात आणि रुंदी ३०. बटालिकसारख्या ठिकाणी लक्ष्यं रेषेपासून काहीच किलोमीटरवर होती. मॅक २ ने गेलेलं विमान वळता वळता पलीकडे पोहोचलं असतं.

म्हणून वैमानिक वेग आवरून, बहुधा रेषेला समांतर येत, बॉम्ब सोडून अलीकडेच वळत. कमाल वेग राखीव राहिला. पाकिस्तानी विमानं पुढे सरसावलीच तर त्यांच्यावर झेपावायला १ क्रमांकाच्या स्क्वाड्रनची मिराज क्षेपणास्त्रं लावून वर घिरट्या घालत होती. ती आहेत हे पलीकडच्या रडारवर दिसत होतं.

१४. मिराजनेच कारगिल जिंकून दिलं असं म्हणता येईल का?

नाही. टायगर हिलवर बॉम्ब २४ जूनला पडले, पण टायगर हिल ताब्यात आलं ४ जुलैला, आणि ते १८ ग्रेनेडियर्स, ८ शीख यांसारख्या पलटणींच्या जवानांनी रात्री कडे चढून घेतलं. बोफोर्स तोफांचा वाटाही मोठा. मिराजने रसद तोडली, ठाणी फोडली, वर बसलेल्यांची झोप उडवली. चढणाऱ्या जवानासमोरचा शत्रू त्यामुळे कमी आणि थकलेला होता. एवढं सांगितलं की मिराजला पूर्ण न्याय मिळतो, त्याहून जास्त सांगितलं की पायदळावर अन्याय होतो.

१५. बालाकोटला गेलेली विमानं ग्वाल्हेरचीच होती ना?

हो. १४ फेब्रुवारी २०१९ च्या पुलवामा हल्ल्यात केंद्रीय राखीव पोलीस दलाचे ४० जवान शहीद झाले. २६ फेब्रुवारीच्या पहाटे ग्वाल्हेरच्या मिराजनी खैबर पख्तुनख्वातल्या बालाकोटजवळ जैश-ए-महंमदच्या तळावर स्पाइस बॉम्ब टाकले. हा बॉम्ब सोबत नेलेल्या चित्राशी समोरचं दृश्य ताडून पाहतो आणि दुरून घसरत लक्ष्यापर्यंत जातो. ग्वाल्हेर ते बालाकोट सरळ रेषेत हजार किलोमीटरच्या आसपास, म्हणून वाटेत हवेतच इंधन भरण्याची सोय ठेवावी लागली. यशाचा भाग वेगापेक्षा गुप्ततेचा आणि दिशाभुलीचा जास्त होता. नुकसान किती झालं यावर दोन्ही देशांचे दावे परस्परविरोधी आहेत. भारताने तळ उद्ध्वस्त झाल्याचं सांगितलं, पाकिस्तानने ते नाकारलं.

१६. चाळीस वर्षांचं झालेलं विमान अजून कामाचं आहे का? अपघातही होतात.

सांगाडा जुना, पण आतलं बरंचसं नवं. २०११ मध्ये दसॉ आणि थालेस यांच्याशी सुधारणेचा करार झाला: नवं रडार, नवे पडदे, मिका क्षेपणास्त्रं डागायची सोय. पहिली दोन सुधारित विमानं २०१५ मध्ये फ्रान्समध्ये हवाली झाली, पुढचं काम बंगळूरूला हिंदुस्थान एरोनॉटिक्सकडे आलं. अडचण सुट्या भागांची आहे, कारण मिराजचं उत्पादन २००७ मध्येच थांबलं.

अपघातांचं दुःख ग्वाल्हेरला जवळून माहीत आहे. २८ जानेवारी २०२३ रोजी इथून उडालेलं मिराज आणि सुखोई मुरैना जिल्ह्यावर कोसळले. सुखोईचे दोघे वाचले, मिराजचे विंग कमांडर गेले. ६ फेब्रुवारी २०२५ ला शिवपुरी जिल्ह्यात दोन आसनी मिराज पडलं, दोन्ही वैमानिक सुखरूप बाहेर पडले. अशा वेळी मोबाइलवर फिरणारी 'कारणं' पुढे पाठवू नका. चौकशी पूर्ण होईपर्यंत ती निव्वळ अंदाजपंचे असतात, आणि त्या घरचे लोक ती वाचत असतात.

१७. तळाजवळ राहतो. आम्ही काय काळजी घ्यावी?

उघड्यावर कचरा, विशेषतः मांसाचे तुकडे आणि खरकटं टाकू नका, शेजाऱ्यांनाही सांगा. त्यावर घारी येतात. उड्डाणाच्या वेगात एक घार इंजिनात गेली तरी एका इंजिनाच्या विमानाला (प्रश्न ९) ते जिवावरचं ठरू शकतं. ड्रोन उडवू नका. तळाचे आणि विमानांच्या हालचालींचे फोटो, व्हिडिओ काढू नका आणि पसरवू नका. हे कायद्यानेही गुन्हा ठरू शकतं.

१८. मुलीला मिराज उडवायचंय. बारावीनंतर काय?

बारावीला भौतिकशास्त्र आणि गणित हवंच. खडकवासल्याची एनडीए आता मुलींनाही खुली आहे. पदवीनंतर एएफकॅट या हवाई दलाच्या प्रवेश परीक्षेचा रस्ता आहे. २०१६ मध्ये भारतात पहिल्या तीन महिला लढाऊ वैमानिक झाल्या. कोणतं विमान मिळेल हे मात्र हवाई दल ठरवतं. डोळ्यांची तपासणी लवकर करून घ्या, पुष्कळांची वाट तिथेच अडते.

१९. राफेलचा कमाल वेग मॅक १.८, मिराजचा २.२. मग राफेल सरस कसं?

मिराजच्या दोन्ही बाजूंच्या हवेच्या तोंडांत पुढेमागे सरकणारे अर्धशंकू आहेत. मॅक २ च्या आसपास आत येणारी हवा इंजिनाला झेपेल इतकी मंद करायचं काम ते करतात. राफेलमध्ये ते ठेवलेच नाहीत. वजन वाचलं, देखभाल कमी झाली, रडारला दिसणंही घटलं. गेलं काय, तर फारसा वापरात नसलेला वरचा वेग. राफेलला दोन इंजिनं आहेत, भार जास्त, रडार आणि क्षेपणास्त्रांचा पल्ला जास्त. मिग-२५ तर या दोघांहून कितीतरी वेगवान होतं आणि आपल्याकडेही होतं, पण ते उंचावरून फोटो काढायचं एकच काम करायचं.

२०. बॉम्ब लावलेलं मिराज ध्वनीपेक्षा वेगात जाऊ शकतं का? आणि आफ्टरबर्नरशिवाय?

मॅक २.२ हा आकडा जवळपास मोकळ्या विमानाचा. बॉम्ब आणि मोठ्या टाक्या टांगल्या की हवेचा विरोध वाढतो, शिवाय प्रत्येक वस्तूला तिची स्वतःची वेगमर्यादा असते. म्हणून हल्ल्याला निघालेलं मिराज ध्वनीच्या आतच राहतं. गरज पडली तर टाक्या टाकून देऊन ते पळ काढू शकतं. आफ्टरबर्नरशिवाय ध्वनीपेक्षा वेगात दीर्घकाळ उडणं मिराजला जमत नाही.

२१. कॉकपिटमधला वेग आणि खरा वेग वेगळे असतात असं ऐकलं. खरं आहे?

खरं आहे. वेगमापक मोजतो तो समोरून येणाऱ्या हवेचा दाब. ९ किलोमीटरवर हवेची घनता खालच्या ३८ टक्के असते, म्हणून तिथे मापक ५०० दाखवत असेल तर विमान प्रत्यक्षात ताशी ८०० किलोमीटरच्या आसपास जात असतं. पंखालाही दाबच कळतो, त्यामुळे विमान तरंगेल की नाही हे कळायला वैमानिकाला मापकावरचा आकडा लागतो. वळणाचा घेर (प्रश्न १३) मात्र खऱ्या वेगावर ठरतो. कारगिलच्या उंचीवर हे दोन्ही हिशेब एकाच वेळी डोक्यात ठेवावे लागत.

२२. ठिकठिकाणी वेगाचे वेगवेगळे आकडे का दिसतात? २,३३० कुठे, २,७०० कुठे.

बहुतेक वेळा मॅक २.२ ला १,२२५ ने गुणलेलं असतं, त्यातून सुमारे २,७०० येतात. ते चुकीचं आहे, कारण मॅक २.२ गाठला जातो तिथे ध्वनीचा वेग १,०६० च्या आसपास असतो (प्रश्न ३). काही ठिकाणी अमेरिकी मैल आणि नॉटिकल मैल यांचीही गल्लत झालेली असते. आकडा वाचताना तीन गोष्टी तपासा: किती उंचीवर, कोणत्या एककात आणि विमानाला काय काय टांगलेलं असताना. यातलं काही दिलेलं नसेल तर तो आकडा तुलनेला वापरू नका.